शस्त्र परवान्याचं पुस्तक हरवलं तर काय करायचं?

राजापूर तालुक्यातल्या आमच्या घराचे वासे गेल्या उन्हाळ्यात बदलले. कौलं उतरवली, माळ्यावरचं सगळं सामान गोठ्यात नेऊन ठेवलं, आणि पावसाच्या तोंडावर पुन्हा घरात आणलं. त्या उचलाउचलीत आप्पांच्या बंदुकीच्या परवान्याचं पुस्तक कुठेतरी गेलं. आप्पा म्हणजे माझे थोरले काका, वय 74. त्यांच्याकडे ठासणीची, म्हणजे नळीच्या तोंडातून दारू ठासून भरायची, एकनळी बंदूक आहे, शेतीच्या राखणीसाठी घेतलेली. पुस्तक नाही हे त्यांच्या लक्षात आलं होतं, पण "कागदच तर आहे, मिळेल कुठेतरी" म्हणून ते दोन महिने गप्प राहिले. त्या दोन महिन्यांत भात लागलं, डुकरं यायला लागली, आणि आप्पा रोज संध्याकाळी बंदूक खांद्याला लावून शेतावर जात राहिले.

मला हे गणपतीत कळलं, आणि खरं सांगते, पोटात गोळा आला. त्यांच्या हातून वाईट काही घडलं नव्हतं, तरी त्यांनी स्वतःला नसत्या अडचणीत घातलं होतं. पुढचे काही महिने त्यांच्यासोबत पोलीस ठाणं आणि जिल्ह्याची कचेरी केली. त्यात जे समजलं ते इथे लिहिते आहे, कारण कोकणात, घाटावर, विदर्भात आणि गोव्यातही अशा बंदुका आणि अशी पुस्तकं घरोघरी आहेत.

आधी हरवलं काय ते नीट बघू. परवाना म्हणजे जिल्हा दंडाधिकाऱ्यांनी किंवा पोलीस आयुक्तांनी तुमच्या नावाने घेतलेला निर्णय. अमुक माणसाने, अमुक नंबरचं शस्त्र, अमुक कामासाठी, अमुक हद्दीत, अमुक तारखेपर्यंत बाळगायला हरकत नाही, असा तो निर्णय असतो आणि तो कचेरीच्या नोंदीत राहतो. आपल्याकडचं पुस्तक हा त्याचा पुरावा. पुस्तक गेलं म्हणून परवाना रद्द होत नाही. मुदत शिल्लक असेल आणि परवाना निलंबित झालेला नसेल, तर तुम्ही परवानाधारकच असता. हे ऐकल्यावर आप्पांच्या चेहऱ्यावर आलेलं हसू मला लगेच थांबवावं लागलं, कारण गोष्ट तिथे संपत नाही.

शस्त्र अधिनियम 1959 च्या कलम 19 प्रमाणे शस्त्र घेऊन जाणाऱ्या कुणालाही पोलीस अधिकारी परवाना दाखवायला सांगू शकतो. दाखवता आला नाही तर नाव-पत्ता विचारू शकतो आणि गरज वाटली तर शस्त्र ताब्यात घेऊ शकतो. रस्त्यावर त्या शिपायासमोर कचेरीतली नोंद नसते, तुमच्या हातातलं पुस्तक असतं. पुस्तक नसेल तर "परवाना आहे हो साहेब" हे वाक्य खरं असूनही त्या क्षणी कामाचं नाही. म्हणून पहिली गोष्ट: पुस्तक हरवल्याचं कळलं त्या मिनिटापासून शस्त्र घराबाहेर न्यायचं नाही. शेतावर नाही, दुरुस्तीला नाही, दुसऱ्या घरी नाही. रिकामं करून, कुलपात. आप्पांची बंदूक मी त्याच रात्री लोखंडी कपाटात ठेवायला लावली आणि बंदुकीच्या दारूची डबी व केप (बार पेटवणाऱ्या छोट्या टोप्या) वेगळ्या जागी.

आप्पांनी विचारलं, "मग डुकरांचं काय?" प्रश्न खरा होता, भात उभं होतं. आम्ही बांधावर पत्र्याचे डबे टांगले, दोन रात्री शेजाऱ्यांनी आळीपाळीने राखण केली. थोडं नुकसान झालंच. पण त्या निमित्ताने आणखी एक गोष्ट सांगायला हवी, कारण बऱ्याच शेतकऱ्यांना ती माहीत नसते. शेती संरक्षणाचा परवाना म्हणजे जनावर मारायची परवानगी नव्हे. रानडुक्कर वन्यजीव संरक्षण अधिनियम 1972 खाली येतं आणि ते मारण्यासाठी वनखात्याची वेगळी परवानगी लागते. बार काढून हुसकावणं वेगळं, मारणं वेगळं.

दुसरं काम पोलीस ठाण्याचं. इथे दोन गोष्टींची गल्लत होते. शस्त्र हरवणं आणि परवान्याचं पुस्तक हरवणं यांत जमीनअस्मानाचा फरक आहे. शस्त्र किंवा काडतुसं हरवली वा चोरीला गेली, तर ताबडतोब जवळच्या ठाण्यात कळवणं ही परवान्याचीच अट आहे. ती मोडली तर अटभंगाचा गुन्हा होतो, आणि हरवलेलं शस्त्र कुणाच्या हाती लागेल ही भीती त्याहून मोठी. म्हणून ठाण्यात गेल्यावर पहिल्याच वाक्यात सांगा: "बंदूक घरी सुरक्षित आहे, परवान्याचं पुस्तक गहाळ झालंय." आमच्या वेळी आप्पांनी सुरुवातच "साहेब, बंदुकीचं हरवलं" अशी केली, आणि ठाणे अंमलदार खुर्चीतून अर्धे उठले.

पुस्तक नुसतं सापडत नसेल तर गहाळ झाल्याची नोंद होते. ते बॅगेसकट चोरीला गेलं असेल तर तसं स्पष्ट सांगून गुन्हा नोंदवायला हवा. चोरीला "हरवलं" म्हणून लिहून घेऊ नका, उद्या त्या पुस्तकाचा कुणी गैरवापर केला तर तुमचीच पंचाईत होईल. नोंदीत चार गोष्टी आल्याच पाहिजेत: परवाना क्रमांक, शस्त्राचा प्रकार, शस्त्रावरचा नंबर, आणि पुस्तक शेवटचं कधी कुठे पाहिलं. नोंदीची सही-शिक्क्याची प्रत घ्या आणि तिच्या चार झेरॉक्स काढा. मूळ प्रत एकदा कचेरीत गेली की पुन्हा हाताला लागायला वेळ लागतो.

आता खरी अडचण. ठाण्यात परवाना क्रमांक विचारतात, आणि तो लिहिलेला असतो त्या हरवलेल्या पुस्तकात! आप्पांना क्रमांक पाठ नव्हता. झेरॉक्स नव्हती. मोबाइलमध्ये फोटो काढून ठेवायचं कुणाला सुचलंच नव्हतं. दोन दिवस आम्ही या एकाच गोष्टीपाशी अडकलो, म्हणून इथे जरा थांबते.

क्रमांकाचा माग लागतो तो सहसा निवडणुकीच्या कागदांतून. निवडणूक लागली की शस्त्रं ठाण्यात जमा करायच्या नोटिसा निघतात. सरसकट सगळ्यांची शस्त्रं जमा करून घेण्याविरुद्ध मुंबई उच्च न्यायालयाचा 2009 चा एक निकाल आहे, आणि कुणाचं शस्त्र जमा करायचं हे छाननी समितीने एकेक प्रकरण बघून ठरवायचं असतं. तरी खेडोपाडी बहुतेकांनी कधी ना कधी बंदूक जमा केलेली असते, आणि त्याची पावती मिळते. त्या पावतीवर परवाना क्रमांक, शस्त्राचं वर्णन आणि बहुधा नंबरही असतो. काकूंनी देव्हाऱ्याखालच्या पत्र्याच्या डब्यातून वीजबिलांच्या गठ्ठ्यासोबत 2019 ची जमा पावती काढली. घडीवर फाटलेली, पण क्रमांक वाचता येत होता. आमचं काम तिथून सुरू झालं.

पावती नसेल तर शस्त्र विक्रेत्याकडे चौकशी करा. काडतुसं किंवा दारू परवान्यावरच मिळते आणि विक्रेत्याच्या नोंदवहीत ग्राहकाच्या परवान्याचा तपशील असतो. तुमच्या ठाण्यातही हद्दीतल्या शस्त्रधारकांची यादी असते, ती बहुधा गोपनीय कामकाज बघणाऱ्या अंमलदाराकडे. आणि तुमचं गाव अभयारण्याच्या दहा किलोमीटरच्या आत असेल, राधानगरी किंवा कोयनेच्या कडेला असतं तसं, तर वन्यजीव कायद्याच्या कलम 34 प्रमाणे तिथल्या शस्त्रधारकांनी वनखात्याकडे नाव नोंदवायचं असतं. तशी नोंद केली असेल तर तिथेही तुमचा माग मिळेल.

मग राहिला शस्त्रावरचा नंबर. हा तपशील फार महत्त्वाचा, कारण कचेरीत नाव सारखं असलेली तीन माणसं निघतील, नंबर मात्र एकाच बंदुकीचा असतो. आप्पांच्या बंदुकीच्या नळीवर, लाकडाच्या जोडाजवळ, गंजाखाली काहीतरी कोरलेलं दिसत होतं. माझा चुलतभाऊ पॉलिश पेपर घेऊन बसला, त्याला वेळीच अडवलं. शस्त्रावरची ओळखखूण पुसणं, बदलणं, खोडणं याला कायद्याच्या कलम 8 ने मनाई आहे, आणि जुन्या नळीवरचे उथळ आकडे घासले की गेलेच. आम्ही खोबरेल तेलाचा बोळा रात्रभर त्या जागी बांधून ठेवला, सकाळी मऊ सुती फडक्याने पुसलं, आणि टॉर्च आडवा धरला. तिरप्या उजेडात आकडे उठून दिसले. तीनचा आठ होऊ नये म्हणून दोघांनी वेगवेगळे वाचले, फोटो काढला, मग लिहून घेतले. हे सगळं बंदूक भरलेली नाही याची खात्री करूनच. ठासणीच्या बंदुकीत जुना बार आत राहून गेलेला असू शकतो, म्हणून गज आत घालून तळ लागतो का हे बघितल्याशिवाय तिला हात लावू नये.

आता दुय्यम प्रतीसाठी, म्हणजे हरवलेल्या पुस्तकाऐवजी दुसरं मिळवण्यासाठी, अर्ज कुणाकडे? ज्या कचेरीने परवाना दिला किंवा शेवटचं नूतनीकरण केलं, तिच्याकडे. पोलीस आयुक्तालयाच्या हद्दीत, म्हणजे मुंबई, पुणे, नागपूर, ठाणे वगैरे शहरांत, परवाना शाखा आयुक्तालयात असते. बाकी जिल्ह्यांत जिल्हाधिकारी हेच जिल्हा दंडाधिकारी म्हणून परवाना देतात. ऐकायला सोपं, पण महाराष्ट्रात हद्दी बदलत आल्या आहेत. 2014 मध्ये ठाण्यातून पालघर जिल्हा झाला. 2018 मध्ये पिंपरी-चिंचवडला वेगळं आयुक्तालय आलं, 2020 मध्ये मीरा-भाईंदर, वसई-विरारला. तुमचा परवाना 1998 साली ठाण्याच्या जिल्हाधिकाऱ्यांनी दिलेला आणि तुम्ही राहता वसईत, तर मूळ फाइल एकीकडे आणि आजचा अधिकार दुसरीकडे अशी स्थिती असू शकते. त्यामुळे घरून निघण्याआधी फोन करून एवढंच विचारा: "माझ्या परवान्याची नोंद आज तुमच्याकडे आहे का?" बदलीने किंवा लग्नाने जिल्हा बदललेल्यांनी तर हे विचारायलाच हवं.

इथे यूआयएन कामाला येतो. देशभरातल्या शस्त्र परवान्यांची एक संगणकीय नोंद केंद्रीय गृह मंत्रालयाने केली आहे आणि तिच्यात प्रत्येक परवानाधारकाला एक ओळख क्रमांक मिळतो, तोच यूआयएन. तो कळला की कुठल्याही जिल्ह्याची नोंद शोधणं सोपं होतं. पण ज्या परवान्यांना 29 जून 2020 पर्यंत यूआयएन मिळाला नाही ते त्या तारखेपासून अवैध ठरतील, असा नियम झाला होता. म्हणजे ज्यांनी जुनं पुस्तक ट्रंकेत ठेवून कित्येक वर्षं कचेरीचं तोंड पाहिलं नाही, त्यांचं दुखणं हरवलेल्या पुस्तकापेक्षा मोठं असू शकतं. तसं असेल तर दुय्यम प्रतीचा अर्ज करून भागत नाही. आधी शस्त्र ठाण्यात किंवा परवानाधारक विक्रेत्याकडे जमा करा, कायद्याचं कलम 21 तेच सांगतं, आणि मग परवान्याचं बघा. जमा करायला नेतानाही आधी ठाण्यात कळवा, त्यांच्या सांगण्याप्रमाणे न्या. पुस्तकाशिवाय बंदूक घेऊन एसटीत बसू नका.

हीच गोष्ट मुदतीची. 2019 च्या दुरुस्तीनंतर परवान्याची मुदत तीनची पाच वर्षं झाली, पण ती आधीच्या परवान्यांना आपोआप वाढली असं समजून चालू नका. तुमच्या शेवटच्या नूतनीकरणाच्या शिक्क्यात जी तारीख आहे तीच खरी. ती आठवत नसेल तर अर्ज देतानाच परवाना शाखेत नोंद बघून घ्या. मुदत जवळ आली असेल तर दुय्यम प्रत आणि नूतनीकरण दोन्ही एकत्र करता येईल का हेही विचारा. त्याच दुरुस्तीने एका माणसाला तीनऐवजी दोनच शस्त्रं ठेवता येतात. जुन्या पुस्तकावर तीन असतील तर तोही विषय याच वेळी निघणार.

कागदपत्रांबद्दल फार लिहीत नाही, ती जिल्ह्यागणिक थोडीफार बदलतात. अर्ज, गहाळ नोंदीची प्रत, पुस्तक हरवल्याचं आणि सापडल्यास जमा करीन असं प्रतिज्ञापत्र, आधार, फोटो, शुल्काचं चलन. काही ठिकाणी वर्तमानपत्रात जाहीर सूचना द्यायला सांगतात. अर्ज ऑनलाइन भरून त्याची छापील प्रत द्यायची की कागदावरच द्यायचा, हे आधी विचारून घ्या, म्हणजे एक फेरी वाचते. अर्ज दिला की पोच घ्याच. तारीख आणि आवक क्रमांक असलेली पोच. पोच हातात आहे म्हणून बंदूक बाहेर न्यायची मुभा मात्र मिळत नाही, तिने फक्त तुम्ही वेळेवर कळवलं हे सिद्ध होतं.

यानंतर कचेरी तुमच्या ठाण्याकडून अहवाल मागवते. अंमलदार घरी येतो किंवा ठाण्यात बोलावतो, बंदूक बघतो, नंबर जुळवतो, कुठला गुन्हा दाखल आहे का ते तपासतो. आप्पांना याचा राग आला होता. "तीस वर्षं परवाना आहे, आता पुन्हा चौकशी कशाला?" त्यांचं म्हणणं मला समजतं, पण चौकशी बरोबर आहे असंच मला वाटतं. पुस्तक दुसऱ्याच्या हाती पडलं तर त्यावर फोटो बदलून काडतुसं घ्यायचा प्रयत्न होऊ शकतो. आणि बंदूक विकून किंवा हरवून बसलेला माणूस "फक्त पुस्तक गेलं" असंही सांगू शकतो. एकाच परवान्याची दोन पुस्तकं बाजारात फिरणं कुणाच्याच हिताचं नाही. आप्पांना मी एवढंच म्हटलं, "आप्पा, तुमच्या बंदुकीचं पुस्तक घेऊन कुणी दुकानात गेलं, तर त्याला कुणीतरी अडवावं असं तुम्हालाही वाटेलच ना?" ते बोलले नाहीत, पण दुसऱ्या दिवशी अंगणात खुर्ची टाकून त्या अंमलदाराला चहा दिला.

वेळ लागतो. आम्हाला तीन फेऱ्या पडल्या, त्यातली एक निव्वळ टेबलावरचे साहेब रजेवर होते म्हणून. अर्ज नाकारला गेलाच तर कारण लेखी मागा, शस्त्र कायद्याच्या कलम 18 प्रमाणे त्याविरुद्ध अपील करता येतं.

परदेशातल्या नातेवाइकांचं ऐकून कुणी गोंधळून जाऊ नये म्हणून एक सांगते. माझा भाचा टेक्सासमध्ये असतो. तो म्हणाला, "मावशी, इथे कार्ड हरवलं तर ऑनलाइन दुसरं मागवतात, त्यात काय!" तिथली गोष्ट वेगळी आहे. तिथे मिळणारा परवाना हँडगन सोबत बाळगण्याचा असतो, एकेका बंदुकीचा नव्हे, आणि 1 सप्टेंबर 2021 पासून तर टेक्सासमध्ये 21 वर्षांवरच्या पात्र माणसाला परवान्याशिवायही हँडगन बाळगता येते. आपल्याकडचा परवाना माणूस आणि त्याचं नेमकं शस्त्र या दोघांना मिळून असतो. आणि कपड्यांखाली झाकून शस्त्र नेण्याचा वेगळा परवानाही इथे नाही. उलट 2016 च्या शस्त्र नियमांप्रमाणे सार्वजनिक जागी शस्त्र पूर्ण झाकलेलं, होल्स्टरमध्ये किंवा म्यानात, आणि आपल्या ताब्यात असायलाच हवं. खांद्याला उघडी बंदूक लावून बाजारपेठेतून जाणं पुस्तक जवळ असतानाही चूक. आप्पांना हे नवीन होतं. त्यांनी आता जाड कॅनव्हासची पिशवी शिवून घेतली आहे.

दुय्यम प्रत हातात आली की कचेरीच्या दारातच उघडून वाचा. नाव, वय, शस्त्राचा प्रकार, नंबर, वापराचं कारण, हद्द, मुदत, यूआयएन. आप्पांच्या प्रतीत नंबरातला एक आकडा चुकला होता. घरी येऊन लक्षात आलं असतं तर चौथी फेरी. फोटो काढलेला होता म्हणून तिथल्या तिथे दुरुस्त झाला. मग पुस्तकाच्या प्रत्येक पानाचा फोटो काढून घरातल्या दोन माणसांच्या मोबाइलमध्ये ठेवा, आणि तुमच्या विक्रेत्याला सांगा की जुन्या पुस्तकावर कुणी आलं तर देऊ नका.

वयस्कर परवानाधारकांच्या घरच्यांसाठी आणखी एक. 2016 च्या नियमांत सोय आहे की परवानाधारक 70 वर्षांचा झाला किंवा शस्त्र 25 वर्षं त्याच्याकडे राहिलं, तर तो हयात असतानाच कायदेशीर वारसाच्या नावे परवान्यासाठी अर्ज करता येतो. वारसाची चौकशी नव्याने होते, परवाना मिळेलच असं नाही. पण माणूस अचानक गेला, पुस्तक सापडत नाही, बंदूक घरात आहे आणि नंबर कुणाला ठाऊक नाही, ही वेळ घरच्यांवर येण्यापेक्षा हे बरं. आमच्या चुलतभावाने अर्ज दिला आहे.

दिवाळीनंतर भात झोडून झालं आणि काकूंनी कणगी साफ करायला काढली. तिच्या तळाशी, प्लॅस्टिकच्या पिशवीत दोरा गुंडाळलेलं जुनं पुस्तक निघालं. कुणीतरी वाळवी लागू नये म्हणून तिथे ठेवलं असणार. आप्पांनी ते पुसलं, पहिल्या पानावरचा आपला तरुणपणीचा फोटो बराच वेळ बघितला, आणि सोमवारच्या पहिल्या एसटीने जाऊन कचेरीत जमा केलं. त्याची पोच आता त्याच पत्र्याच्या डब्यात आहे, 2019 च्या पावतीला पिन करून.